सुपर निन्टेंडोच्या सॅम्पलवर गाणं बसवताना: कुठे चुकतं आणि कोणत्या क्रमाने करायचं

“दादा, सॅम्पल तर गेममधलेच घेतलेत. मग माझं गाणं तसं का वाजत नाही?”

महिन्यातून दोन-तीनदा तरी असा मेसेज येतो, सोबत ऑडिओ फाइल. परळहून ठाण्याची लोकल पकडली की मी ती कानाला लावतो आणि शीव यायच्या आत कळतं की कुठली पायरी गाळली आहे. बासरी चढी लागते. नाहीतर एका वेळी वीस-बावीस आवाज वाजत असतात. नाहीतर सगळ्यावर एवढा रिव्हर्ब ओतलेला असतो की गाणं बंद गिरणीच्या रिकाम्या शेडमध्ये वाजतंय असं वाटावं.

सॅम्पल, म्हणजे वाद्याचा रेकॉर्ड केलेला तुकडा, हा सुपर निन्टेंडो या गेम मशीनच्या आवाजाचा जेमतेम अर्धा भाग. उरलेला अर्धा त्या मशीनच्या कंजूषपणातून येतो. किती आवाज, किती मेमरी, किती लांब एको, सगळ्यालाच मर्यादा होती. ती मर्यादा स्वतःवर लादून घेतली नाही, तर अस्सल सॅम्पल वापरूनही गाणं स्वस्तातल्या कीबोर्डच्या डेमोसारखं लागतं. म्हणून खालचा क्रम मोडू नका. सूर आणि लूप (सॅम्पलमधला पुन्हापुन्हा वाजणारा भाग) आधी, आवाजांची वाटणी नंतर, एको सर्वात शेवटी. बहुतेक जण एकोपासून सुरुवात करतात, कारण मजा तिथे असते.

## आधी मशीन ठरवा

‘रेट्रो’ नावाचा एकच आवाज नसतो. नव्वदच्या दशकात आपल्याकडे टीव्हीला जोडायचा तो ‘टीव्ही गेम’ म्हणजे बहुतेक वेळा निन्टेंडोच्या ८-बिट मशीनची नक्कल. त्यात दोन पल्स, एक ट्रँगल, एक नॉइझ आणि ढोबळ रेकॉर्डिंग वाजवणारा एक चॅनेल. तो आवाज हवा असेल तर सॅम्पल गोळा करत बसू नका. तिथल्या लाटा चिप स्वतःच तयार करते, त्यासाठी फर्नेससारखा ट्रॅकर (रकान्यांत स्वर भरून गाणं बांधायचा प्रोग्रॅम) उघडा. सेगाच्या मेगा ड्राइव्हचा मुख्य आवाज एफएम सिंथचा, तोही वेगळा कारभार.

सॅम्पलवर चालणारी मशीनं म्हणजे सुपर निन्टेंडो, प्लेस्टेशन, निन्टेंडो ६४, गेम बॉय अॅडव्हान्स. हा लेख सुपर निन्टेंडोपुरता आहे. पहिली चार-पाच गाणी होईपर्यंत दोन मशीनं एकत्र करू नका.

पुढे चार आकडे वारंवार लागतील, ते कागदावर लिहून समोर चिकटवा:

- ८: एका वेळी जास्तीत जास्त इतके आवाज.
- ६४ केबी: आवाजाची एकूण मेमरी. सॅम्पल, स्वरलिपी, ती वाजवणारा प्रोग्रॅम आणि एको, सगळं यातच.
- ३२,००० हर्ट्झ: चिपमधून बाहेर पडणाऱ्या आवाजाचा दर.
- १६: सॅम्पल साठवण्याचा गठ्ठा. १६ बिंदू दाबून ९ बाइटमध्ये बसवतात. या पद्धतीला बीआरआर म्हणतात.

पूर्ण दराने एक सेकंद साठवायला १८,००० बाइट लागतात. म्हणजे चार सेकंदांतच सगळी मेमरी संपते. वाद्यं इतकी तोकडी का आणि लूपवर इतकी भिस्त का, ते इथेच कळेल.

(शब्दांचा गोंधळ नको म्हणून सांगतो. ‘सॅम्पल’ म्हणजे वाद्याचा तुकडा आणि ‘बिंदू’ म्हणजे त्यातला एकेक आकडा, असं मी पुढे लिहिलंय.)

## तयारी

जुना लॅपटॉप चालेल. विंडोज असेल तर ओपनएमपीटी फुकट मिळतो आणि या कामाला उत्तम आहे. रीपर किंवा एफएल स्टुडिओची सवय असेल तर तेही चालतात, मग साउंडफॉन्ट (सॅम्पलची वाद्यं एकत्र बांधलेली फाइल) दुरुस्त करायला पॉलिफोन घ्या. तरंग बघायला आणि रेकॉर्डिंगला ऑडॅसिटी. एसपीसी फाइलमधून (ती काय ते पुढच्या टप्प्यात) सॅम्पल काढायला स्प्लिट७०० किंवा व्हीजीएमट्रान्स.

हेडफोन वायरचा घ्या. ब्लूटूथवर की दाबल्यानंतर आवाज उशिरा येतो, आणि तो उशीर सांभाळत वाजवलं की ताल बिघडतो. लॅमिंग्टन रोडवर साधा वायरचा हेडफोन आणि लॅपटॉपला लागणारा अॅडॅप्टर, दोन्ही एका फेरीत मिळतात.

आणि एक वही. प्रत्येक सॅम्पलसाठी नाव, एकूण बिंदू, लूपची सुरुवात, लूपची लांबी, मूळ स्वर, किती सेंट (लगतच्या दोन पट्ट्यांमधल्या अंतराचा शंभरावा भाग) वर-खाली, एवढं लिहायचं. वही न ठेवणारा माणूस तिसऱ्या गाण्याला तीच बासरी पुन्हा सुरात लावत बसलेला मी बघितलाय. तो माणूस मीच होतो.

## १. सॅम्पल मिळवणं

गेमचं संगीत एसपीसी फाइलमध्ये असतं. ही फाइल म्हणजे त्या क्षणी आवाजाच्या ६४ केबी मेमरीत जे काही होतं त्याचा जसाच्या तसा उतारा. यातून दोन गोष्टी निघतात आणि लोक दोन्हीत फसतात.

एक, त्या गाण्याला लागणारीच वाद्यं त्यात असतात. गावाच्या गाण्यातून काढलेल्या संचात लढाईचं ब्रास सापडणार नाही. त्यासाठी लढाईच्या गाण्याची फाइल उघडावी लागेल.

दोन, सॅम्पलमध्ये सूर लिहिलेला नसतो. कोणतं सॅम्पल किती वर-खाली करून वाजवायचं आणि त्याचा एन्व्हलप (स्वर कसा चढावा आणि विरावा) कसा ठेवायचा, ही माहिती गाणं वाजवणाऱ्या प्रोग्रॅमपाशी असते आणि हा प्रोग्रॅम गेमगणिक, कंपनीगणिक वेगळा. स्प्लिट७०० फक्त सॅम्पल देतो. व्हीजीएमट्रान्सला तो प्रोग्रॅम ओळखता आला तर सूर आणि एन्व्हलपसकट साउंडफॉन्ट मिळतो, नाहीतर हात हलवत परत. म्हणून आधी व्हीजीएमट्रान्स, जमलं नाही तर स्प्लिट७००, असा क्रम ठेवा.

इंटरनेटवर मिळणारे तयार साउंडफॉन्ट मी शेवटचा पर्याय मानतो. बऱ्याच वेळा कोणीतरी ते ४४,१०० वर बदललेले, आवाज फुगवलेले आणि लूप अंदाजाने लावलेले असतात.

तपासा: ऑडॅसिटीत सॅम्पल उघडून लांबी सेकंदांऐवजी बिंदूंमध्ये बघा. एकूण बिंदूंना १६ ने पूर्ण भाग जातो का? लूपच्या लांबीला जातो का? जात नसेल तर मधे कोणीतरी हात घातलाय. ते सॅम्पल सोडा, दुसरं काढा.

सावधान: ऑडॅसिटीतून तीच वेव्ह फाइल पुन्हा एक्सपोर्ट करू नका. लूपची नोंद गळून पडते. इथे ऑडॅसिटी फक्त बघण्यासाठी वापरायची.

सावधान, हक्कांबद्दल: घरी बसून शिकायला वाजवणं वेगळं आणि गाणं विकणं किंवा कोणाच्या जाहिरातीला देणं वेगळं. १९५७च्या कॉपीराइट कायद्याप्रमाणे ध्वनिमुद्रणावरचा हक्क प्रकाशनानंतर ६० वर्षं टिकतो. हे मशीन जपानमध्ये १९९० साली आलं, हिशेब तुम्हीच करा. त्यातून अनेक गेममधले सॅम्पल त्या काळच्या सिंथ आणि व्यावसायिक सॅम्पल-संग्रहांतून घेतलेले, म्हणजे हक्कदार एकच नाही. पैशाचं काम असेल तर स्वतःची सॅम्पल बनवा. कशी, ते तिसऱ्या टप्प्यात.

## २. सूर लावणं

सर्वात जास्त गाणी इथे मरतात. गंमत म्हणजे इथे कानापेक्षा भागाकार जास्त उपयोगी पडतो.

लूप १६ च्या पटीतच असायला हवी. समजा एका साध्या लीड आवाजाच्या लूपमध्ये लाटेचा एकच फेरा आहे आणि तो ६४ बिंदूंचा आहे. ३२,००० ला ६४ ने भागा, ५०० हर्ट्झ आले. पियानोवर ५०० हर्ट्झची पट्टी नाही. जवळची पट्टी बी४, ४९३.८८ ची. म्हणजे सॅम्पल २१ सेंट चढं आहे. गाणं शिकलेल्यांना हे अंतर ओळखीचं वाटेल, जवळजवळ एका प्रमाणश्रुतीएवढं. एकटं वाजवताना कळत नाही. दुसरं वाद्य सोबत आलं की सेकंदाला सहा ठोके पडायला लागतात, म्हणजे आवाज हेलकावतो, आणि मग लोक म्हणतात, “कोरस लावल्यासारखं येतंय, छान आहे.” छान नाहीये. बेसुर आहे.

लूपमध्ये एकाहून जास्त फेरे असतील तर सूत्र असं: ३२,००० गुणिले फेऱ्यांची संख्या, भागिले लूपचे बिंदू. उदाहरणार्थ २७२ बिंदूंच्या लूपमध्ये बासरीचे चार फेरे मोजले. उत्तर ४७०.६ हर्ट्झ. जवळचा स्वर ए शार्प ४, म्हणजे ४६६.१६. सोळा सेंट चढं. पॉलिफोनमध्ये मूळ की ए शार्प ४ ठेवायची आणि बारीक ट्यूनिंगच्या रकान्यात उणे १६ लिहायचं.

ओपनएमपीटी वापरत असाल तर काम याहून सोपं. तिथे सॅम्पलच्या पानावर मधल्या सी ची फ्रीक्वेन्सी लिहायची जागा असते. एका फेऱ्यात किती बिंदू आहेत ते काढा, त्याला २६१.६३ ने गुणा आणि तो आकडा तिथे टाका. ६४ बिंदूंचा फेरा असेल तर १६,७४४. वरच्या बासरीचे ६८, तर १७,७९१. सगळी वाद्यं अशी लावली की ती आपसात आपोआप जुळतात. सप्तक खालचं वाटलं तर आकडा दुप्पट करा, वरचं वाटलं तर निम्मा.

ड्रम, घंटा, माणसाचा आवाज यांचे फेरे मोजता येत नाहीत. तिथे कानच. तानपुऱ्याचं अॅप लावा, सॅम्पल त्याच्या षड्जावर धरा आणि ठोके थांबेपर्यंत बारीक ट्यूनिंग फिरवा. बेससाठी एक युक्ती: तो दोन सप्तकं वर वाजवून सुरात लावा. खालच्या पट्टीत ठोके इतके संथ पडतात की कान फसतो.

तपासा: सगळी वाद्यं एकाच सी वर, जोड्या-जोड्यांनी धरून ऐका. एकाही जोडीत हेलकावा यायला नको. आला तर पुढे जाऊ नका. नंतर एको लावला की तो हेलकावा झाकला जातो आणि दोष सापडायला रात्र जाते.

सावधान: सॅम्पल ‘स्वच्छ’ करायला ४४,१०० किंवा ४८,००० वर बदलू नका. ४४,१०० वर ६४ बिंदूंची लूप ८८.२ बिंदूंची होते. पॉइंट दोन बिंदू कुठे कापणार?

## ३. लूप

गेममधून काढलेल्या सॅम्पलची लूप आधीच बरोबर असते, तुम्ही ती बिघडवली नाहीत म्हणजे झालं. बिघडवायचे तीन प्रचलित मार्ग आहेत.

पहिला, एका बिंदूची चूक. वेव्ह फाइलमधल्या लूपच्या नोंदीत शेवटचा आकडा म्हणजे वाजणारा शेवटचा बिंदू. साउंडफॉन्टमध्ये तोच आकडा त्याच्या पुढच्या बिंदूचा. हाताने आकडे एकीकडून दुसरीकडे उतरवले की ६४ ची लूप ६३ ची होते. एक बिंदू तर गेला, काय बिघडलं? सूर २७ सेंट चढतो आणि वर एक किरकिर लागते. कोणी “लांब धरलेल्या स्वरातच बेसुर होतंय, सुरुवातीला नाही” म्हणाला, की मी आधी इथे बघतो.

दुसरा, क्रॉसफेड. सॅम्पलरमधलं ‘लूप क्रॉसफेड’ बंद ठेवा. इतक्या छोट्या लूपवर ते लाटेचा आकारच बदलून टाकतं.

तिसरा, उलट-सुलट लूप. या मशीनला मागे फिरून वाजवणं येत नाही. पुढेच, आणि गोल.

### स्वतःचं सॅम्पल

आता खरी मजा. दुसऱ्याच्या बासरीपेक्षा घरची पेटी या मर्यादेत बसवणं मला जास्त आवडतं. बेंजो, टाळ, ताशा हे तर या मशीनसाठीच जन्माला आलेत असं वाटतं, कारण त्यांचा ठसा पहिल्या पाव सेकंदातच उमटतो.

पेटीचा ए४ धरा. पेटी ४४० ची आहे असं समजू, तुमची नसेल तर मोजून घ्या. पंखा बंद, खिडकी बंद, आणि रात्री अकरानंतर. आमच्याकडे गल्लीतल्या रिक्षा त्याआधी थांबत नाहीत. एकच पट्टी, एकच स्वर, भात्याचा दाब एकसारखा, तीन सेकंद. मोनोमध्ये.

आता रीसॅम्पल करायचं ते ठरवून. ४४० ला ६४ ने गुणलं की २८,१६०. रेकॉर्डिंग २८,१६० हर्ट्झवर आणलं की एका फेऱ्यात बरोबर ६४ बिंदू येतात आणि १६ चा गठ्ठा बिनतक्रार बसतो. लोक उलट करतात. आधी लूप शोधतात, मग ती १६ मध्ये कोंबायला आवाज ताणतात आणि मग सूर सुटतो.

लूप एकाच फेऱ्याची ठेवली तर पेटी मेलेली वाटेल, डोअरबेलसारखी. सोळा फेरे घ्या, म्हणजे १,०२४ बिंदू. त्यात पत्तीची थोडी थरथर शिल्लक राहते. त्याआधी सुरुवातीचा तुकडा ३,२०० बिंदूंचा, साधारण एक दशांश सेकंदाहून थोडा जास्त. एकूण ४,२२४ बिंदू, २६४ गठ्ठे, २,३७६ बाइट. अख्खी पेटी सव्वादोन-अडीच केबीत.

यानंतर बीआरआर एन्कोडरमधून काढून परत वेव्ह करा. त्यातून थोडा खरखरीतपणा येतो आणि तो हवा आहे. चिप वाजवताना बिंदूंच्या मधली जागा अशा रीतीने भरते की वरचे सूर मंदावतात, म्हणून एन्कोडरमध्ये ट्रेबल उचलायचा पर्याय असेल तर स्वतःच्या सॅम्पलना तो लावा.

सावधान: गेममधून काढलेल्या सॅम्पलवर हे काहीही करायचं नाही. ती या चरकातून एकदा निघाली आहेत. त्यांच्यावर बिटक्रशर (आवाज मुद्दाम खरखरीत करणारा इफेक्ट) लावणं म्हणजे तळलेली भजी परत तळणं.

## ४. मधली जागा कशी भरायची

हा टप्पा छोटा आहे, पण “काहीतरी फार चकचकीत वाटतंय” या तक्रारीचं उत्तर इथेच आहे. आजचे सॅम्पलर स्वर वर-खाली करताना फार चांगलं काम करतात. सुपर निन्टेंडोची चिप चार बिंदू घेऊन गाउसियन पद्धतीने मधली किंमत काढते आणि आवाज थोडा गुबगुबीत, मऊ होतो. हुबेहूब हवं असेल तर सी७०० हे प्लगइन किंवा फर्नेस वापरा. नाहीतर प्रत्येक वाद्यावर हलका लो-पास (वरचे सूर कापणारा फिल्टर) लावा आणि विसरून जा.

गेम बॉय अॅडव्हान्सच्या बाबतीत मात्र उलट. तिथे आवाजात धातूसारखी झणझण येते. तसा आवाज हवा असेल तर ओपनएमपीटीत मधली जागा भरणं इन्स्ट्रुमेंटवार बंद करता येतं.

एक मर्यादा पाळा. चिपला सॅम्पल ३२,००० च्या जेमतेम चौपटीपर्यंतच पळवता येतं, म्हणजे दोन सप्तकं. खाली मात्र हवं तितकं जा.

## ५. आठ आवाजांची वाटणी

गाणं सुचायच्या आधी ही वाटणी करा, नंतर नाही. नंतर केली की काय कापायचं यावर जीव तुटतो.

माझी नेहमीची वाटणी सांगतो. पहिला आवाज मुख्य सूर. दुसरा त्याची सावली, म्हणजे तोच सूर किंचित उशिरा, निम्म्या आवाजात आणि दोन-तीन सेंट बाजूला. तिसरा बेस. चौथा-पाचवा साथीचे स्वर. सहावा किक आणि स्नेअर मिळून. सातवा टाळ किंवा हाय-हॅट. आठवा मी शक्यतो मोकळा ठेवतो. खऱ्या गेममध्ये उडी, नाणं, स्फोट यांचे आवाज याच आठांतून जागा घेत आणि तेवढ्यापुरतं संगीतातलं एखादं वाद्य गप्प होई. मोकळा ठेवलेला आठवा आवाज गाण्यात श्वास घ्यायला जागा देतो.

साथीला दोनच आवाज, मग तीन स्वरांचा कॉर्ड कसा? बेस मूळ स्वर देतोच आहे, तुम्ही गंधार आणि निषाद द्या. पंचम सोडला तर कोणाला कळतही नाही.

सॅम्पलरमध्ये प्रत्येक ट्रॅकची पॉलिफोनी (एका वेळी किती स्वर वाजतील तो आकडा) १ करा. एफएल स्टुडिओत ही खूण चॅनेलच्या सेटिंगमध्ये आहे, रीपरमध्ये सॅम्पलरवर. ही एक गोष्ट केली की अर्धा फरक तिथल्या तिथे ऐकू येतो.

ताशाचं उदाहरण घ्या. आठवड्यापूर्वी एका मुलाने विसर्जनाच्या मिरवणुकीसारखा ताशा बसवून आणला. बत्तिसाव्या मात्रांची तड्तड, पण ऐकताना पत्र्यावर पाऊस पडतोय असं वाटत होतं. कारण प्रत्येक काडीचा पडसाद पुढच्या चार काड्यांवर सांडत होता.

“एकच आवाज ठेव,” मी म्हटलं.

“पण मग ते तुटणार ना, दादा?”

“तुटू दे की.”

पॉलिफोनी १ केली. पुढची काडी मागच्या काडीचा गळा धरायला लागली आणि तड्तड सुटी झाली. मग त्याने दोन वेगळ्या काड्यांची सॅम्पल आलटून-पालटून लावली, दुसरी थोडी हळू. एवढंच. बाकी एकही इफेक्ट नाही.

तपासा: सर्वात गजबजलेल्या ओळीवर गाणं थांबवा आणि त्या क्षणी वाजणारे आवाज बोटांवर मोजा. नववं बोट उघडलं तर काहीतरी काढा. आवाज कमी करून भागवू नका.

## ६. एन्व्हलप

इथे एकच गोष्ट नीट समजून घ्या. बाकी कान सांगेल.

साउंडफॉन्टमध्ये लोक रिलीज लांब ठेवतात, की सोडली तरी स्वर हळूहळू विरावा म्हणून. या चिपमध्ये की सोडल्यावर आवाज शून्यावर यायला जास्तीत जास्त ८ मिलिसेकंद लागतात आणि तो वेळ बदलता येत नाही. मग त्या जुन्या गाण्यांत वीणा, घंटा विरत जातात त्या कशा? की धरलेली असतानाच त्या विरतात. अटॅक आणि डिके झाल्यावर स्वर धरून असताना तो किती वेगाने उतरावा याला चिपमध्ये ३२ पायऱ्या आहेत. म्हणजे वीणेच्या नोट्स पियानो रोलवर लांब काढायच्या, पुढच्या नोटला भिडेपर्यंत, आणि विरणं डिकेकडून करून घ्यायचं. रिलीज सगळीकडे ८ मिलिसेकंद.

सस्टेन पेडल कपाटात ठेवा.

सुरात जीव आणायला व्हिब्रॅटो आहेच, पण तो उशिरा सुरू व्हायला हवा. स्वर लागल्यावर साधारण पाव सेकंदाने. पहिल्या क्षणापासून डोलणारी बासरी नवशिक्याची ओळख. आणि मींड पिच बेंडने, नोट न तोडता.

सावधान: व्हेलॉसिटीप्रमाणे बदलणारी वेगवेगळी सॅम्पल लावू नका. एका वाद्याला एकच सॅम्पल, जोर फक्त आवाजाच्या पातळीने.

## ७. एको

आता, आणि आत्ताच.

या मशीनमध्ये रिव्हर्ब नाही. एको आहे आणि तो मेमरी खातो. त्याची लांबी १६ मिलिसेकंदांच्या पायऱ्यांनी वाढते, जास्तीत जास्त २४० पर्यंत. प्रत्येक पायरीला २ केबी. पूर्ण २४० घेतले तर ३० केबी गेले, जवळजवळ निम्मी मेमरी, आणि तुमची पेटी, बासरी, ताशा उरलेल्यात. मशीनवर काम करणाऱ्यांना लांब एको की जास्त वाद्यं, असा सौदा करावा लागे. तुम्हीही करा, कागदावर बेरीज मांडून.

लांबी गाण्याच्या लयीला तंतोतंत जुळणारी मिळेलच असं नाही. १२० च्या लयीत सोळावी मात्रा १२५ मिलिसेकंदांची. १२५ ला १६ ने भाग जात नाही. जवळचा आकडा १२८, खर्च १६ केबी. ते तीन मिलिसेकंदांचं घसरणं मला आवडतं. तालाला चिकटून न बसल्यामुळे एको मागे दबून राहतो. आठवी मात्रा २५० ची, ती तर मिळणारच नाही.

बांधणी अशी: एकच एको-बस (सगळ्या वाद्यांचा सामायिक ट्रॅक), त्यावर एक स्टिरिओ डिले, फक्त ओला आवाज (नुसता एको, मूळ आवाज नाही), वेळ १६ च्या पटीत. फीडबॅकच्या वाटेत लो-पास, म्हणजे प्रत्येक परतीला आवाज आणखी मळत जाईल. चिपमध्ये या जागी आठ टप्प्यांचा एफआयआर फिल्टर असतो, आपल्या कामाला साधा लो-पास पुरतो. फीडबॅक ४० टक्क्यांपासून सुरू करा. पन्नासच्या वर गेलात तर गढूळ.

प्रत्येक वाद्याला स्वतंत्र एको लावणं ही इथली सर्वात मोठी चूक. चिपमध्ये एको एकच, आणि प्रत्येक आवाजाला त्यात जायचं की नाही एवढंच ठरवता येतं, कमी-जास्त नाही. म्हणून सेंड (वाद्यातून एको-बसकडे जाणारा आवाज) एकतर पूर्ण, नाहीतर शून्य. मुख्य सूर, साथ, टाळ आत. बेस आणि किक बाहेर, कायम. “सगळं चिखलासारखं ऐकू येतंय” म्हणणाऱ्या दहांतल्या आठ जणांचा बेस एकोमध्ये गेलेला असतो.

तपासा: एको पूर्ण बंद करून गाणं ऐका. नागडं वाटेल, ते चालतं. पण कंटाळवाणं वाटलं तर चूक पाचव्या टप्प्यात आहे, परत तिकडे.

## ८. बाहेर काढणं आणि लूप जुळवणं

मास्टरवर कॉम्प्रेसर नको. १५-१६ हजार हर्ट्झच्या वरचं कापा, कारण ३२,००० च्या दराने त्याच्या वर काही येऊच शकत नाही. शिखर शून्याच्या एक डेसिबल खाली.

गेमचं संगीत गोल फिरतं, तसंच तुमचंही फिरवायचं असेल तर गाणं दोनदा सलग वाजवून रेंडर करा आणि दुसरी फेरी कापून घ्या. पहिल्या फेरीच्या सुरुवातीला एकोची शेपूट नसते, त्यामुळे ती कापली की दर फेरीला एको अचानक तुटल्यासारखा वाटतो.

आणि एमपीथ्री करू नका. एमपीथ्री करताना फाइलच्या आगेमागे थोडी शांतता चिकटते. ऐकायला चालतं, फिरवायला नाही. हे मी वाईट रीतीने शिकलो. आमच्या गल्लीतल्या मंडळाच्या देखाव्याला असंच संगीत दिलं होतं, चाळीस सेकंदांचं, फिरतं. घाईत पेन ड्राइव्हवर एमपीथ्री टाकली. दहा दिवस, दर चाळीस सेकंदांनी एक उचकी. तिसऱ्या दिवसापासून शेजारची पोरं त्या उचकीवर टाळी देत होती आणि विसर्जनापर्यंत रांगेतली माणसंही द्यायला लागली. वेव्ह किंवा ओजीजी द्या.

तपासा: तयार फाइल फोनवर ‘रिपीट’ला लावा आणि वायरचा हेडफोन घालून दहा फेऱ्या ऐका, दुसरं काहीतरी काम करत. भांडी घासताना उत्तम. सांधा कुठे आहे ते हात थांबवून शोधावं लागलं तर फाइल पाठवा. हात आपोआप थांबला तर सांध्याजवळचा तरंग मोठा करून बघा. बहुतेक वेळा कापण्याची जागा शून्य रेषेवर नसते, दहा-वीस बिंदू मागेपुढे सरकवलं की काम होतं.

गाण्यासोबत वहीतलं ते पानही फोटो काढून त्याच फोल्डरमध्ये ठेवा.